देवाची गाडी शेवटून पहिली

या, जवळ सरका. टाळ खाली ठेवा, चहा मागून येतोय. चिटगुप्प्याच्या लिंगाप्पाची गोष्ट सांगतो. ऐकून पुण्य लागेल. निदान पाप तरी लागणार नाही.

कुणी कुणाच्या पुढं जावं, हा प्रश्न शास्त्रांनीही पुरता सोडवलेला नाही. मालिकावाल्यांनी सोडवला, त्यांचे उपकार. गाणगापूरकडं देवाच्या मालिकेचं शूटिंग होतं आणि कलबुर्गीच्या लॉजवरून रोज सकाळी सगळ्या गाड्या तिकडं नेण्याचं काम आपल्या माणसाकडं. क्रम ठरलेला. पुढं हिरोची व्हॅनिटी (हिरो म्हणजे मालिकेतले देव). मागं हिरोईनची, लांबीला तेवढीच. वीतभर कमी भरली तर शूटिंग बंद. मग डायरेक्टर, जनरेटर, जेवणाचा टेम्पो, फिरते संडास. आणि शेपटाला उघड्या टेम्पोत फायबरची देवमूर्ती. तिचा कुणाशी करार नव्हता.

सेटवर त्याला सगळे 'गाडीवाले' म्हणत. मॅनेजर शिवप्रसादनं शब्द दिला होता, "शेवटच्या दिवसापर्यंत हिरोला वेळेत पोचव, पडद्यावर तुझं नाव टाकतो." तेवढ्या भरवशावर आई अंबुबाईनं गल्लीत साखर वाटूनही टाकली.

पण गाडीवाल्याच्या जिवाला चैन पडेना. संडासाच्या मागं देव? शेवटच्या दिवशी त्यानं मूर्ती सगळ्यांच्या पुढं घेतली, हार घातला, ऊदबत्ती लावली.

आता, हार घातलेला देव आमच्याकडं दारावरून तसाच जाऊ देत नाहीत. पहिल्याच गावात बायका घागरी घेऊन आडव्या आल्या. टायरवर पाणी, नारळ, आरती. पुढच्या गावात भजनी मंडळ. त्याच्या पुढच्यात महाप्रसाद (जनरेटरवाल्यांनी दोनदा घेतला). शेवटी हिरो मुकुटासकट खाली उतरला. त्याचा मेकअप लॉजवरच उरकलेला असे.

"अहो, देव मी आहे!"

"व्हय बाबा, असशील," जगदेवी म्हातारी म्हणाली. "पर जरा बाजूला सर. देव दिसंना."

सेटवर पोचेस्तोवर ऊन कललं होतं.

"गेलं तुझं नाव, गाडीवाले," शिवप्रसाद म्हणाला. "एक दिवस दम धरला असतास तर काय बिघडत होतं?"

"धरला असता, अण्णा. पर आय रोज इचारती, देवाला कुठं बसवलास म्हणून. रोज खोटं बोलायलोय तिच्याशी."

शेवटचा भाग अख्ख्या गल्लीनं बघितला. नावं सुरू झाली तरी अंबुबाईनं कुणाला उठू दिलं नाही (कीर्तनातून आरतीआधी उठत नाहीत, तोच न्याय). हिरोचे केस विंचरणाऱ्याचं नाव आलं, कंगवा धरणाऱ्याचं आलं, हिरोच्या कुत्र्याचे विशेष आभार आले. मग आलं, 'वाहनव्यवस्था: स्थानिक.' शेजारच्या मंजुश्रीनं ते मोठ्यानं वाचलं.

"तुझं कुठाय रे?"

"त्यातच आलं की, आये."

अंबुबाईनं टीव्हीला हात जोडले.

काय माणसं म्हणायची ही! इतके दिवस ज्याच्या जिवावर फिरले, त्याचं साधं नाव लक्षात ठेवता येऊ नये? तुम्ही तसे नाही, मायबाप. म्हणून एवढंच मागतो, त्याची आठवण ठेवा. नाव सुरुवातीलाच सांगितलंय, एकदा. हं, आता वर न बघता सांगा बघू.