एका गाण्याचा सविस्तर परिचय

ज्या वर्षी केयाने लग्न मोडलं पण लग्नासाठी घेतलेला हॉल सोडला नाही, त्या वर्षीची ही गोष्ट. गाणं टिकतं ते गाणाऱ्यांमुळे नव्हे, त्याच्याविषयी बोलणाऱ्यांमुळे, हे सत्य तेव्हा अमेरिकेतल्या नेपरव्हिलच्या एका मराठी मंडळाने सप्रमाण सिद्ध केलं. हॉल रिकामा जाऊ नये म्हणून केयाच्या आजोबांनी, नंदूकाकांनी, तो मंडळाला देऊ केला. अट एकच घातली. शेवटी एक गाणं आपण म्हणणार.

गाणं ब्राझीलचं होतं, बोसा नोव्हा. म्हणजे गिटारवर, हळू लयीत, शेजारच्या खोलीत मूल झोपलंय अशा बेताने म्हणायचं. काकांच्या शेजारच्या लूर्देसबाईंनी ते विशीत लिहिलं आणि त्यांच्या नवऱ्याने चाल लावली. पुढे गाणं अमेरिकेत आलं आणि त्याची प्रगती सुरू झाली. आधी लय दुप्पट झाली. मग शब्द इंग्रजी झाले (मुळात एक बाई शेगडी फुंकत नवऱ्याची वाट बघते, इंग्रजीत ती उघड्या मोटारीतून फिरायला जाते). पुढे मोटारही अडचणीची वाटली म्हणून शब्दच काढून टाकले. शब्द गेल्यावर लिहिणारीचं नाव छापायचं कारण उरलं नाही. आता सॅक्सोफोनवाला सुरुवातीला चाल एकदा दाखवतो, बारा मिनिटं तिच्यापासून लांब राहतो, शेवटी तिला भेटून टाळ्या घेतो. अशा गाण्याला जॅझमध्ये स्टँडर्ड म्हणतात, आणि तो फार मोठा मान आहे.

नवरा गेल्यापासून मूळ शब्द कोणी म्हटले नव्हते. बाई नव्वदीच्या, हृदय थकलेलं. "मिस्टर नंदू, मरायच्या आधी एकदा सगळं ऐकायचंय," त्या म्हणाल्या. "पण या स्वयंपाकघरात नको. स्वयंपाकघरात ते लिहिलं होतं. लोकांपुढे ऐकायचंय."

काका सत्तरी उलटल्यावर गिटार शिकले. शब्द देवनागरीत उतरवून घेतले. पोर्तुगीज बरंचसं नाकातून बोलतात, त्यामुळे अनुस्वार फार कामी आले.

कार्यक्रमाचं नाव 'विश्वस्वर'. निवेदनाशिवाय गाणं ऐकवणं म्हणजे पाहुण्याला उंबऱ्यातच जेवायला वाढणं, असं निवेदिका शैलजाताईंचं मत होतं. जोडीला सहनिवेदक परीक्षित होता. (निवेदक एकटाच असला आणि दमला, तर गाणं सुरू होण्याचा धोका असतो.) हॉल पाच वाजता सोडायचा होता. चार वाजता काका गिटार घेऊन मंचावर बसले.

शैलजाताईंनी सागरापासून सुरुवात केली. सागरावरून पोर्तुगीज आले, पोर्तुगीजांवरून गोवा आला, आणि गाणं जवळजवळ कोकणातलंच निघालं. परीक्षितने विरहावर स्वतःच्या कविता वाचल्या. मग प्रायोजक दंतवैद्यांचा पत्ता दोनदा सांगितला. मग शाल-श्रीफळ. लूर्देसबाई नारळ मांडीवर घेऊन सावरून बसल्या. उपस्थितांपैकी नव्वद टक्क्यांचे डोळे पाणावले. उरलेल्यांचं लक्ष बटाटेवड्यांकडे होतं.

"शैलजा, पावणेपाच झाले गं," काका हळूच म्हणाले.

"काका, पार्श्वभूमी तयार झाल्याशिवाय गाणं पोचत नाही हो!"

"आजोबा, जस्ट स्टार्ट, यार!" केया पहिल्या रांगेतून ओरडली.

काकांनी सुरू केलं. पहिली ओळ अर्धी झाली असेल नसेल, परीक्षितने माइक तोंडाशी नेला. "वा! इथेच थांबून आपण या जागेचं सौंदर्य समजून घेऊ." समजून घेईपर्यंत हॉलच्या माणसाने सगळे दिवे लावले. दारातून दुसऱ्या कुणाच्या लग्नाची फुलं आत येऊ लागली.

"वेळेअभावी आपण एक सुंदर झलक ऐकली!" शैलजाताईंनी जाहीर केलं. सगळा हॉल उभा राहिला. टाळ्या थांबेनात.

लूर्देसबाईंनी काकांची बाही ओढली. "अजून सुरू नाही ना झालं?"

"नाही."

"त्यांना सांग, मी थांबते."

तोवर पोरं खुर्च्या मिटून भिंतीला लावत होती.

दुसऱ्या दिवशी काकांनी विचारलं, "निदान स्वयंपाकघरात म्हणू का?" बाईंनी मान हलवली. "लोक असतील तेव्हा." काकांनी मंडळाकडे पुन्हा वेळ मागितली. मंडळाने मोठ्या मनाने मे २०२५ मधली तारीख दिली. निवेदनाची तयारी लगेच सुरू झाली. आढावा बैठकीत नोंद झाली, की कार्यक्रमात सर्वाधिक दाद या गाण्यालाच मिळाली. ते म्हटलं गेलं नाही हे कोणाच्या ध्यानात आलं नाही, इतका त्याचा परिचय उत्तम झाला होता.

वाचकहो, तुम्हीही इथवर त्याचा इतिहास आवडीने वाचलात. त्यातली एखादी ओळ कानावर पडावी असं मध्ये कुठे वाटलं का? वाटलं असतं, तर तुम्हीही त्या हॉलमध्ये "अहो, आता गाऊ द्या त्यांना" असं म्हणाला असतात, आणि तसं तिथे एक केया सोडली तर कोणी म्हणालं नाही.

लूर्देसबाई १२ नोव्हेंबर २०२४ रोजी, मंगळवारी सकाळी, राहत्या घरी वारल्या.