सांध्यांतला मळ

हेडक्लार्क निवृत्त झाले त्याला बावीस दिवस झाले होते, आणि या बावीस दिवसांत ऑफिसातून त्यांना एकच फोन आला होता. तोही कपाटाची किल्ली कुठे आहे हे विचारायला. (किल्ली कपाटालाच होती.)

घरात त्यांच्यासाठी खुर्ची होती, पलंग होता, पण जागा नव्हती. छत्तीस वर्षं जो माणूस दहा ते सहा घरात नसायचा, त्याच्यावाचून घराची घडी केव्हाच बसून गेली होती. ते जिथे उभे राहत, नेमकं तिथलंच काहीतरी बायकोला काढायचं असे. ती चिडत नसे. "जरा बाजूला होता का," एवढंच म्हणे, आणि ते बाजूला होत. दिवसभर बाजूला होऊन होऊन संध्याकाळी त्यांचे पाय दुखत.

त्यातच बायकोच्या थोरल्या बहिणीच्या गुडघ्याचं ऑपरेशन झालं आणि बायको रोज सकाळपासून तिच्याकडे जाऊ लागली. आता बाजूला व्हायला सांगणारंही कुणी उरलं नाही. हे तर हेडक्लार्कांना आणखीच लागलं.

अशाच एका सकाळी त्यांच्या हातून चहा उतू गेला. ओट्यावरून तो जमिनीवर आला, म्हणून फडकं घेऊन ते खाली बसले, आणि त्यांना फरशांमधले सांधे दिसले. फरशा फिक्या पिवळ्या, आणि प्रत्येक दोन फरशांच्या मध्ये काळपट रेघ. या भिंतीपासून त्या भिंतीपर्यंत. अठरा वर्षं ते याच स्वयंपाकघरात जेवले होते, पण जमिनीकडे बघण्याचा प्रसंग आला नव्हता.

बायकोचा त्यांना राग आला नाही, कीव आली. एकटीच्या हातून काय काय होणार? राहून गेलं असेल. त्यांनी तिला मोठ्या मनाने माफ करून टाकलं. (ऑफिसातही ते असेच माफ करत. समोरच्याला पत्ताही नसे.) आणि ठरवलं, ती घरी येईल तेव्हा सांधे पांढरेशुभ्र झालेले असतील. मग तिला कळेल, की घरात एक माणूस आहे.

जुना टूथब्रश आणि खायचा सोडा घेऊन ते तासभर झटले. मळ हलला नाही की सांधा खुलला नाही. मग ते नाक्यावरच्या हार्डवेअरच्या दुकानात गेले. दुकानदाराने फरशी न बघताच सांगितलं, की हा वर्षानुवर्षांचा मळ असतो, तो सोड्याला भीक घालत नाही, ॲसिडच पाहिजे.

इथे दुसरा कुणी असता तर त्याने बाटली उपडी केली असती. हेडक्लार्क तसले नव्हते. त्यांनी बाटलीवरची बारीक अक्षरातली सूचना दोनदा वाचली आणि महत्त्वाच्या ओळींखाली लाल रेघ मारली. हातमोजे घातले, खिडकी उघडली, मापाने पाणी मिसळलं. 'प्रथम न दिसणाऱ्या कोपऱ्यात प्रयोग करावा' असं लिहिलं होतं, म्हणून गहू ठेवायचा डबा सरकवून त्याच्याखाली प्रयोगही केला. सांधा फसफसला आणि खरोखरच पांढरट झाला. प्रयोग मंजूर झाला.

मग त्यांनी कागदावर स्वयंपाकघराचा नकाशा काढला आणि एकेक सांधा झाला की त्यावर खूण करत गेले. मध्ये जेवले नाहीत. ठसका लागला, डोळे चुरचुरले, गुडघे सोलवटले. पण बावीस दिवसांत पहिल्यांदाच त्यांनी घड्याळाकडे पाहिलं नाही.

संध्याकाळी बायको आली. हातातली पिशवी तशीच धरून ती स्वयंपाकघराच्या दारात उभी राहिली. हेडक्लार्क ओट्याशी उभे होते. काही सांध्यांवर अजून पाणी चमकत होतं. काही पांढरे झाले होते, काही राखी, काही मधूनच तपकिरी, एखाद्याला अंगभर कांजिण्या उठाव्यात तसे. पण सुकल्यावर ते सारखे होतील अशी त्यांची समजूत होती.

"इथला रंग कुठे गेला?" तिने विचारलं.

"रंग नव्हे, मळ होता तो. अठरा वर्षांचा."

बायको खाली बसली. एका सांध्यावरून तिने बोट फिरवलं, तर भुसभुशीत पूड बोटाला आली.

"तो चॉकलेटीच होता," ती म्हणाली. "मी निवडला होता."

मग ती जे बोलली ते हळू आवाजातच बोलली. या घराचा नकाशा त्यांच्या थोरल्या भावाने ठरवला होता, भिंतींचा रंग सासूबाईंनी, फर्निचर त्यांच्या ऑफिसातल्या कुणीतरी. तिच्या वाट्याला आले ते फरशीचे सांधे. त्यासाठी ती सगळी दुपार दुकानात बसली होती, पंधरा नमुन्यांमधून हा एक काढला होता, आणि रोज पुसताना तिला तो बरा वाटायचा.

"मी होतो का बरोबर?" हेडक्लार्कांनी विचारलं.

"होतात की. छान आहे म्हणालात." बोटावरची पूड झटकत ती म्हणाली, "पेपरातून डोकं न काढता."

हात दाखवून अवलक्षण म्हणतात ते हेच. पण त्यांना बोचत होतं ते वेगळंच. ते आठवायला गेले, तर त्यांना त्या दुपारचं दुकान आठवेना, नमुने आठवेनात, बायको कोणत्या रंगाच्या साडीत होती तेही आठवेना. त्या रात्री दोघं बाहेरच्या खोलीत ताटं मांडीवर घेऊन जेवली. भाजी वाढताना तिने "हवी का" म्हणून विचारलं नाही. नुसती वाढली.

दुसऱ्या दिवशी फरशीवाला मिस्त्री आला. त्याने हातोडीच्या दांड्याने जागोजागी ठोकून पाहिलं. चार फरशा पोकळ वाजल्या. सांध्यांतला भर खाल्ला गेला आहे, तो सगळा खरवडून नवा भरावा लागेल, आणि हा चॉकलेटी आता येत नाही, असं त्याने सांगितलं. बायकोने त्याचं रंगांच्या नमुन्यांचं कार्ड हातात घेतलं. हेडक्लार्क तत्परतेने पुढे झाले आणि नमुने अगदी डोळ्यांजवळ धरून बघू लागले. बायकोने एकावर बोट ठेवलं तेव्हा ते "छान आहे" म्हणाले, आणि तिने त्यांच्याकडे पाहिल्यावर त्यांनी नमुने पुन्हा डोळ्यांजवळ धरले.

मिस्त्री खरवडायला बसला. थोड्या वेळाने त्याने हळहळून विचारलं, "बाई, हे काम कुणी केलं होतं?"

हेडक्लार्क खिडकीबाहेर बघू लागले.

"होता एक माणूस," बायको म्हणाली.

"त्याला परत बोलावू नका."

"बोलवावं लागतच नाही," बायको म्हणाली. "आता तो घरीच असतो."

मिस्त्रीने मान वर करून हेडक्लार्कांकडे एकदा पाहिलं. मग आपली हत्यारांची पिशवी त्याने त्यांच्यापासून हातभर लांब सरकवून ठेवली.