चीजचे आप्पे

दहाव्याचा पिंड खाडीकाठी ठेवून दोन तास झाले, तरी कावळा शिवेना. कावळे नव्हते असं नाही. समोरच्या माडावर अकरा बसले होते. गेलेल्या परशुरामाच्या धाकट्या भावाने, भाईने, हात जोडून वचनं द्यायला सुरुवात केली.

"घर शाकारतंय. वयनीक सांभाळतंय. बांधाचा भांडाण मिटवतंय."

शेवटच्या वचनाने शेजाऱ्यांचे डोळे पाणावले. कावळे हलले नाहीत.

"दर्भाचा कावळा करून शिववू," भटजी म्हणाले. "शास्त्रात सोय आहे."

"गवताचो कावळो माका नको," नर्मदा म्हणाली. नवरा गेल्यापासून ती नुसत्या पेजेवर होती, आणि पिंड शिवेपर्यंत आज पाणीही घेणार नव्हती. "तेंका काय होया ता माका ठावक आसा."

परशुराम बोटीवर खानसामा होता. साहेबलोकांसाठी तो अंड्यात चीज घालून एकेका घासाचे आप्पे करी. आजारपणात आठ दिवस त्याने तेच मागितले. डॉक्टरांनी तेलकट बंद केलं होतं, म्हणून नर्मदाने चीजचा डबा तांदळाच्या कणगीत लपवला.

"मरतल्या माणसाक मी नाय म्हटलंय, भाई. आता तेच आप्पे करून हंय ठेवतंय."

"पिंडाशेजारी अंडं?" भटजी ताडकन उठले. "मी नाही बघणार!"

"मगे पाठ करून बसा," भाई म्हणाला.

भटजी पाठ करून बसले.

घर हाकेवर होतं. भाईने कोयत्याने डबा फोडला. नर्मदाने अंडी फेटली, विळीवर चीज चिरलं, मिरी घातली. पहिला घाणा आप्पेपात्राला चिकटला, दुसरा करपला, तिचा हात भाजला. तिसऱ्या घाण्याचे आप्पे टम्म फुगले. त्यांचा वास काठावर आला तेव्हा सकाळपासून उपाशी सोयऱ्यांचे हुंदके थांबले.

तिने काठावर येऊन पिंडाशेजारी पाच आप्पे पानावर ठेवले. एक कावळा उतरला. त्याने एक आप्पा टोचला, मान झटकली, तो लांब फेकला, चोच दगडावर घासली आणि शेजारचा भाताचा पिंड खाऊ लागला.



"बघलात?" नर्मदा कावळ्यावर ओरडली. "आठ दिवस माझो जीव खाल्लात! धा दिवस मी रडतंय, हात भाजून घेतलंय, आणि आता नको?"

"वयनी, हळू. ऐकतले."

"ऐकांदेत!" तिने पदराने तोंड पुसलं आणि खाली बैठक मारली. "माका पान वाढा. भूक लागली हा."