जोडीनं काढलेला फोटो

"पेन्शनच्या कागदाले बायको कशाले लागते?" जयवंताबाईंनी तवा उतरवत विचारलं.

"जोडीचा फोटो पाह्यजे म्हणतात," चंद्रभान म्हणाले. "मी मेल्यावर पेन्शन कोनाले द्याची, ते वळखाले."

"मंग तुमी मरा आधी, मंग काढू."

सरकारी रोपवाटिकेतल्या झाडांना उभी हयात पाणी घालून चंद्रभान नुकतेच निवृत्त झाले होते. निरोपाला शाल मिळाली, नारळ मिळाला. बाकीचं येईलच, असं साहेब म्हणाले. इकडे मुलाच्या, किशोरच्या, कपाशीनं लागोपाठ दगा दिलेला. त्यामुळे नांदगाव खंडेश्वरच्या त्या घरातलं प्रत्येक काम पेन्शनच्या रांगेत उभं होतं. गळकं छप्पर होतं, तशी जयवंताबाईंची धापही होती. "पेन्शन झाली का नागपूरच्या डॉक्टरले दाखवू," हे ठरलेलंच.

दोघं एसटीनं अमरावतीला गेले. इमादचा स्टुडिओ माडीवर. या जोडप्याचा लग्नातसुद्धा फोटो निघाला नव्हता. इमादनं "चाची, इकडे पाहा" म्हणताच चाचींनी पदर नाकापर्यंत ओढला आणि फोटो तसाच निघाला.

कचेरीतल्या साधना मॅडमनी तो उलटसुलट करून पाहिला. "काका, यात काकूंचं तोंडच नाही. ही कोणीही असू शकते."

"दुसरी कोनी माह्या बाजूनं कशाले बसन, मॅडम?"

पण फोटो परत आला. दुसऱ्यात तोंड दिसलं, तर फाइलच कुठेतरी झोपली. ती जागी झाली तेव्हा मॅडम म्हणाल्या, "फोटो जुना झाला. ताजा लागतो."

"देल्ला तवा ताजाच होता. तुमच्याजोळ शिळा झाला."

मॅडमना हसू आलं, पण नियमाला येत नाही.

घरी येऊन चंद्रभान कपाळाला हात लावून बसले. जयवंताबाई मात्र ट्रंक उघडून बसल्या. "या टायमाले कोनतं लुगडं नेसू? तेच नेसलं त साहेबाले वाटन, हिच्याजोळ एकच हाय."

"एकच त हाय."

"म्हून काय सरकारले सांगाचं?"

शेजारणीचं हिरवं लुगडं आलं. या खेपेला बाई जिन्यातच टेकल्या, तेव्हा इमादनं बाक आणि कॅमेरा खाली फुटपाथवर आणला. येणारेजाणारे थांबून बघत होते आणि बाई अशा बसल्या होत्या, जणू आजच लग्न लागलंय. नंतर दोघांनी एक कचोरी अर्धी अर्धी खाल्ली. त्यानंतर चंद्रभान कचेरीतून आले की त्या दारातच विचारायच्या, "आला का फोटो वापस?"

"तुले त वापसच पाह्यजे."

"मंग काय. कचोरी भेटते."

साहेबांची बदली झाली, नवे साहेब आले, त्यांची सही राहिली. पोळ्याच्या आठवड्यात जयवंताबाई गेल्या. नागपूर राहूनच गेलं.

तेराव्यानंतर चंद्रभान कचेरीत गेले, तर साधना मॅडम लांबूनच हसल्या. "काका, सही झाली. जोडीचा फोटो पास."

"ते गेली, मॅडम."

मॅडमनी पाण्याचा ग्लास पुढे केला. टेबलाकडे बघत त्या म्हणाल्या, "मग आता एकट्याचा लागेल."

चंद्रभान स्टुडिओचा जिना चढले. मध्येच, दम लागला नसतानाही, थोडा वेळ टेकले. वर बाकाच्या एका टोकाला जाऊन बसले.

"चाचा, मधात सरका."

"हाव," ते म्हणाले आणि हलले नाहीत. इमादनं पुन्हा सांगितलं नाही.

फोटोत डाव्या काठाला चंद्रभान, उरलेल्या अर्ध्यात नुसती निळी भिंत. साधना मॅडम बघत राहिल्या. मग फोटो घेऊन आत साहेबांकडे गेल्या. साहेबांना आजवर फोटोवर शिक्का मारायला जागा पुरत नसे. शिक्का कुणाच्या ना कुणाच्या तोंडावर यायचा. आज त्यांनी तो निळ्या भिंतीवर ऐसपैस मारला. अक्षर न् अक्षर उठलं.

"झालं काका. पहिल्याच खेपेला पास."

चंद्रभान तिथेच उभे राहिले.

"मॅडम, एखांदी चूक नाय का निंगत त्यात?"