शेवटचं फाटक

खंडेनवमीच्या सकाळी झेंडूची फुलं घेऊन प्रभु घरी आला आणि दारातच त्यानं कपाळावर हात मारून घेतला. पाटावर विळा, कात्री, पाना मांडले होते आणि मधोमध हळदकुंकू ल्यालेला त्याचा लॅपटॉप.

"अव्वा, ह्यो कशाला ठेवलीस?"

"ह्याच्यावरच पोट हाय की आपलं," त्याची आई निंगव्वा म्हणाली. "आता उद्यापर्यंत हात लावायचा न्हाय."

उद्या! भुवनेश्वरी अक्का होटगीहून आली होती ती संध्याकाळपर्यंतच. लहानपणी टीव्हीला जोडून खेळायच्या गेमचं शेवटचं फाटक आपण ओलांडलं आणि प्रभुला कधी जमलं नाही, हे अक्का प्रत्येक लग्नाकार्यात चारचौघांत सांगायची. कॅसेट कधीच भंगारात गेली होती. पण जुने गेम जपून ठेवणाऱ्या एका डिजिटल संग्रहात तो प्रभुला सापडला. लॅपटॉपवर जुन्या यंत्राचं सोंग वठवणारं सॉफ्टवेअर घालून, महिनाभर घाम गाळून, गडी त्या फाटकापाशी पोचला होता. आज ते अक्काच्या डोळ्यांदेखत ओलांडायचं होतं.

"अव्वा, काम न्हाय करायचं. जरा उघडू दे की."

"कामाचं न्हाय, तर काय खेळणं हाय व्हय?"

खेळणंच होतं. पण बायकोला, महेश्वरीला, तो महिनाभर 'टॉवेल कारखान्याचं काम' म्हणून सांगत आला होता. त्या कामापायी बाजार, दळण, पाणी भरणं सगळं तिच्याच गळ्यात पडलं होतं. धरलं तर चावतंय, सोडलं तर पळतंय!

"ऱ्हाऊ दे अव्वा," अक्का हसली. "प्रभ्याला कुटं जमतंय त्ये?"

झालं, प्रभुचं टाळकं सटकलं. "व्हय, खेळणंच हाय! महिनाभर गेमच खेळत होतो!"

महेश्वरी हातातल्या लाटण्यासकट बाहेर आली. निंगव्वानं लॅपटॉप पाटावरून उचलला. "मग घे की. पूजेत खेळणं कशाला?"

बायकोची नजर चुकवत प्रभु खेळायला बसला. दोनदा मेला. तिसऱ्यांदा मात्र फाटक उघडलं आणि आतून एक हत्ती फुलं उधळत बाहेर आला.

"अगं बाई!" अक्का पुढं वाकली. "शेवटी हत्ती येतो व्हय?"

प्रभुची बोटं कीबोर्डवरच राहिली. "अक्का, तू तर पार केलतीस न्हवं?"

अक्का पदर सारखा करू लागली. "फाटकापाशीच लाईट गेलती रं," ती हळूच म्हणाली.

इतकी वर्षं! प्रभुला छपराला भिडेल असं ओरडावंसं वाटलं. पण महेश्वरी लाटणं घेऊन शेजारीच उभी होती आणि खोटं बोलण्याविषयी बोलायची आज त्याची सोय नव्हती.