हँडलवरचा नवरा

"मिठी जरा मनापासून मारा," दिग्दर्शक हिरोला म्हणाला आणि कॅमेऱ्यामागे कॅमेरामनच्या अंगाचा तिळपापड झाला. कारण मिठीत जाणारी हिरॉईन ही त्याची सख्खी बायको होती.

मूकपटाचे दिवस. कॅमेऱ्याचं हँडल हाताने फिरवायचं, आणि सगळी जादू मनगटात. हळू फिरवलं की पडद्यावर माणसं पळत सुटायची. भराभर फिरवलं की तीच माणसं पाण्यात चालल्यासारखी संथ दिसायची. नवरोबांनी मनाशी बेत पक्का केला: हँडल अगदी हळू फिरवायचं. पडद्यावर मिठी शिंकेसारखी उरकली पाहिजे. लोकांना वाटावं, हिरो तिच्यावर चुकून आदळला!

"तयार ना हो?" बायकोने विचारलं.

"आम्ही हमाल माणसं. आमचं काय विचारतेस!"

"अहो, खोटं असतं ते."

"मग त्याने अत्तर कशाला लावलंय? कॅमेऱ्याला वास येतो का?"

सुरुवात बेताप्रमाणे झाली. पण हिरोचा हात तिच्या कमरेला लागला मात्र, आणि बिचाऱ्या नवरोबांचं डोकं फिरलं. डोक्याबरोबर हँडलही फिरलं, गरागरा! दिग्दर्शक "अजून जवळ! अजून जवळ!" ओरडण्यात दंग होता, त्याला कशाचा पत्ताच लागला नाही.

आठवड्याने फिल्म कंपनीच्या मालकांसाठी खास खेळ लावला. पडद्यावर हिरो येतोय... येतोय... अजून येतोयच. तिच्या पापण्या मिटता मिटेनात. मिठी तर एकदा सुरू झाली ती संपायचं नाव घेईना. कॅमेरामन घामाघूम झाला, आणि मालकांनी रुमाल काढला.

"असं प्रेम जन्मात पाहिलं नाही!" ते नाक पुसत म्हणाले. "पुढच्या सिनेमात प्रत्येक रिळात मिठी. आणि हँडलवर हाच माणूस!"

"मला नाही जमणार मालक. दुसरा कुणी बघा."

"दुसरा कशाला?" शेजारी बसलेली बायको हळूच त्याच्या कानाशी म्हणाली. "त्याच्या मिठीत उभी होते, पण कान तुमच्या हँडलकडे होते. केवढं घरघरत होतं! लग्न झाल्यापासून एकदा तरी म्हणालात का, की मी तुम्हाला आवडते? त्या दिवशी मला पहिल्यांदा ऐकू आलं."

कॅमेरामन कानापर्यंत लाल झाला. आनंद लपवायला त्याने उगाच खाकरून घेतलं आणि विचारलं, "मालक, शूटिंग कधीपासून?"