हेमांगीबाईंच्या दाखल्याची व पहिल्या नवऱ्याची हकीकत

श्री विघ्नहर्ता प्रसन्न, आणि कचेरीचे साहेब जागेवर असोत. शके एकोणीसशें सेहेचाळीस, क्रोधी नाम संवत्सरे, मार्गशीर्ष मासीं एक वर्तमान घडलें, तें ऐकिलें तैसें लिहितों. कोण्या एका राज्यीं वामनराव देवस्थळी म्हणोन सत्यवचनी गृहस्थ नांदत होते. त्यांची कन्या हेमांगीबाई विद्येकारणें परमुलखीं गेली, आणि तेथें हेन्रिक नामें सालस पुरुषावर मन बसलें, आणि दोहीं घरचे वडील राजी जाहले, मग माघांतील तिथी नेमिली. परंतु त्या मुलखाचा शिरस्ता ऐसा कीं, वधूचें पूर्वीं कोठें लग्न लागलें नाहीं, ऐसा स्वदेशींचा शिक्क्याचा दाखला आणिल्यावांचून लग्न लावीत नाहींत. आणि तिथी चुकली तर वर्षभर दुसरी मिळत नाहीं. म्हणोन बाई विमानीं बसोन माहेरीं आल्या, आणि पिता-कन्या कचेरीस दाखल जाहलीं.

तेथील अंमलदार सदाशिवराव खासनीस मोठे करडे. त्यांणीं पुसिलें, "मुलीचं आधी लग्न झालंय का? शपथेवर सांगा." आतां येथें नाहीं म्हणोन मोकळें व्हावें कीं नाहीं? परंतु शपथ म्हणतांच वामनराव हात जोडोन बोलिले, "झालंय, साहेब. पत्रिकेत मंगळ होता, म्हणून मडक्याशी लावलं होतं." हेमांगीबाईंनीं कपाळास हात लाविला. साहेबीं लेखणी खालीं ठेविली आणि म्हणाले, "मग काडीमोड झाला, की नवरा वारला?" वामनराव म्हणाले, "विधी झाल्यावर नदीत सोडलं." "म्हणजे वारला. मृत्यूचा दाखला आणा," ऐसें फर्मावोन साहेब जेवावयास घरीं गेले. मग बाई बांकावर बसोन रडूं लागल्या, "बाबा, तुम्हाला मडक्याचं विचारलं होतं का कोणी? राहिलं ना माझं लग्न." वामनरावांचेही डोळे भरले. म्हणाले, "शपथेवर खोटं कसं बोलू, बाळ?"

इकडे साहेब पाटावर बसोन ही मौज कुटुंबास सांगों लागले आणि पोट धरधरोन हंसले. त्यांचें कुटुंब कुमुदिनीबाई आमटी वाढीत होत्या, त्या शांतपणें बोलिल्या, "हसताय काय? मंगळ मलाही होता. तुमच्याआधी माझंही मडक्याशी लागलं होतं. बाबांनी तुम्हाला सांगितलं नाही, एवढंच." साहेबांचा घास हातींच राहिला. "म्हणजे मी दुसरा?" ऐसें पुसतां बाई म्हणाल्या, "ते तुम्हीच ठरवा. शिक्का तुमच्या हातात आहे. भात वाढू का?"

मग साहेब भात न घेतांच उठले आणि जेवणाची सुटी सरण्याआधीं कचेरींत हजर जाहले, जें त्या राज्यीं कोणीं पाहिलें नव्हतें. आणि भर कचेरींत मोठ्यानें बोलिले, "मडकं म्हणजे नवरा नव्हे. ज्याला शंका असेल त्याने माझ्याशी बोलावं." आणि दाखल्यावर शिक्का ऐसा हाणिला कीं मेज हाललें.

सारांश, हेमांगीबाईंचें लग्न माघांत यथासांग लागलें, आणि वामनराव खरें बोलोनही सासरे जाहले. सदाशिवरावही संतुष्ट असोन, कुमुदिनीबाईंचे पहिले व एकुलते एक यजमान म्हणोन सरकारी शिक्क्यानिशीं नांदत आहेत. जाणिजे.